मदत हवी आहे : अतिवृष्टीने सोयाबीन गेले, तर पुरवठ्यातून सूट मिळते का?

यवतमाळ जिल्ह्यातील आमच्या शेतकरी उत्पादक कंपनीने एका तेल गिरणीला २०० क्विंटल सोयाबीन देण्याचा लेखी करार केला होता. मात्र ऐन सोंगणीच्या वेळी झालेल्या अतिवृष्टीत शेंगांना झाडावरच कोंब फुटल्याने निम्माही माल हाती आला नाही. गिरणीला आम्ही लगेच लेखी कळवले, पंचनाम्याची प्रत जोडली आणि आहे तो माल देऊ केला, तरी उर्वरित माल बाजारातून घेऊन पुरवावा, अशी नोटीस आली आहे. आगाऊ रक्कम घेतलेली नाही. करारात नैसर्गिक आपत्तीची अट नाही. केवळ भाव वाढल्याने भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम ५६ चा (करार पार पाडणे अशक्य झाल्यास तो रद्द ठरवणाऱ्या तरतुदीचा) आधार मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या एनर्जी वॉचडॉग निकालावरून स्पष्ट आहे, आणि ते रास्तही वाटते. परंतु आमच्या करारात ‘सभासदांनी पिकवलेले सोयाबीन’ असे शब्द आहेत, गट क्रमांक मात्र नाहीत. अशा वेळी एवढ्या शब्दांवर पुरवठा अशक्य झाल्याचे मानले जाईल, की शेते नेमकी नमूद असणे आवश्यक आहे?