फ्रान्सिस बे: साठीतली भरारी, की 'आजी'च्या कप्प्यात कोंबलेली नटी?

तिसरी घंटा:
'साइनफेल्ड' या अमेरिकन विनोदी मालिकेतली पाववाली म्हातारी आठवते? बेकरीतला शेवटचा मार्बल राय पाव तिच्याकडे असतो. मालिकेचा नायक जेरी पन्नास डॉलर देऊ करतो, बाई ढिम्म हलत नाही. शेवटी तो भर रस्त्यात पाव हिसकावून पळतो. ती फ्रान्सिस बे. जन्म १९१९, कॅनडातल्या अल्बर्टा प्रांतात. पहिला सिनेमा 'फाउल प्ले', १९७८. म्हणजे एकोणसाठाव्या वर्षी, आपल्याकडे लोक पेन्शनचे कागद काढतात तेव्हा! माझ्या मते चरित्र अभिनेत्री म्हणून ती पहिल्या फळीतली. छोटी कामं केली म्हणून कोपऱ्यात बसवायचं कारण नाही.

उगाच एक:
भूमिकांची यादी बघा की. आजी, मावशी, शेजारची म्हातारी, परत आजी. 'हॅपी गिलमोर' सिनेमात कर थकल्यामुळे घर जप्त, ही वृद्धाश्रमात, आणि नातू गोल्फ खेळून पैसे जमवणार. हिने काय करायचं? केविलवाणं दिसायचं. पांढऱ्या केसांच्या बाईला त्या धंद्यात एकच कप्पा. त्यात ती नीट बसली, याचं कौतुक किती करायचं?

तिसरी घंटा:
कप्पा एकच, पण आतला माल बघा! 'इन द माउथ ऑफ मॅडनेस' या भयपटात हॉटेलच्या काउंटरमागे गोड हसत उभी असते. खाली बघावं तर हिच्या घोट्याला बेडी, आणि बेडीच्या दुसऱ्या टोकाला उघडाबंब नवरा. वरचं हसू तसूभर हलत नाही. 'ब्लू व्हेल्वेट'च्या शेवटी खिडकीत रॉबिन पक्षी किडा चोचीत धरून बसलाय. ही म्हणते, मला नाही बाई किडा खाववणार, आणि लगेच स्वतःचा घास तोंडात टाकते. गोड आजी सगळ्यांनाच जमते हो. गोड आजीची भीती वाटायला लावणं, ते हिचं.

मधली सुट्टी:
थोडं अवांतर. समाजशास्त्रवाल्यांनो, हिचा धाकटा भाऊ म्हणजे अर्व्हिंग गॉफमन. माणूस चारचौघांत रंगमंचावर असल्यासारखा वागतो आणि विंगेत गेला की वेगळा, हे सांगणारा तोच. एम.ए.ला त्याच्यावर टिपा लिहिल्या, पण बहीण नटी आहे हे एकाही सरांनी सांगितलं नाही.

उगाच एक:
अवांतर कसलं, माझाच मुद्दा मांडलात. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ही सीबीसी या कॅनडाच्या सरकारी रेडिओवर काम करत होती. पुढची तीसेक वर्षं? लग्न, संसार. भाऊ रोजच्या जगण्यातल्या नाटकावर लिहून जगभर गाजला, तेव्हा बहीण घर सांभाळत होती. आणि हिला आपण 'उशिरा उमललेलं फूल' म्हणून मोकळे होतो. पस्तिशीतली फ्रान्सिस बे कुणी पाहिलीच नाही, याचं काय?

टोरोंटोकर:
तुमच्या भांडणात पडत नाही. २००८ मध्ये कॅनडाच्या वॉक ऑफ फेममध्ये, म्हणजे नामवंतांची नावं कोरलेल्या टोरोंटोतल्या फुटपाथवर, तिला जागा मिळाली, तीही चाहत्यांनी मोहीम चालवली म्हणून. किंग स्ट्रीटच्या फुटपाथवर तिचं नाव दिसलं तेव्हा मी थांबलो. बायको म्हणाली, "कोण ही?" म्हटलं, "पाववाली आजी." लगेच ओळख पटली. आणि हो, २००२ मध्ये गाडीने उडवल्यावर एक पाय अर्धा कापावा लागला होता. तरी 'द मिडल' मालिकेत आंट जिनी करतच होती. २०११ मध्ये गेली.

उगाच एक:
जिद्दीला सलाम, मनापासून. पण बघा, फुटपाथवर नाव कोरलंय आणि ओळख 'पाववाली आजी'!

तिसरी घंटा:
त्याच पाववालीला लेखकांनी महिन्याभराने परत बोलावलं, विसरलात? फ्लोरिडातल्या सोसायटीत जेरीच्या बापाला अध्यक्षपदावरून काढायचं की नाही, यावर मतदान असतं. निर्णायक मत हिचं. बाई जेरीला बघते, तिला पाव आठवतो, आणि बापाची खुर्ची जाते. एका पावासाठी! मालिकेच्या शेवटच्या भागात कोर्टात साक्षीलाही हजर. तीन मिनिटांच्या कामात छाप पडली नसती, तर परत कोण बोलावतंय?

उगाच एक:
अरे हो, ते मत! साफ विसरलो होतो. आज जेवताना तोच भाग लावतो. कप्प्याबद्दल मात्र माघार नाही.