सकाळचं पळणं : टिकवायचं कसं, गोडी लावायची कशी?

पहिला आठवडा उत्साहात जातो आणि दुसऱ्यात गजर बंद करून पुन्हा झोप लागते. नियमित पळणाऱ्यांनी इथे लिहावं. 'जिद्द हवी' एवढंच नको. आकडे आणि युक्त्या हव्यात.

दादर
पळणं नकोसं होतं ते बहुतेकदा वेगामुळे. पळताना दोन पूर्ण वाक्यं बोलता आली पाहिजेत. शब्द तुटायला लागले की चाला, त्यात कमीपणा नाही. आधी ५ मिनिटं भरभर चालणं, मग १ मिनिट पळणं आणि दीड मिनिट चालणं, अशा ८ फेऱ्या. आठवड्यातून तीनच दिवस, एकाआड एक. दर आठवड्याला पळण्याचा वेळ थोडा वाढवत नेला तर साधारण ९ आठवड्यांत सलग अर्धा तास जमतो. शिवाजी पार्कची एक फेरी जवळजवळ सव्वा किलोमीटर भरते, पण सुरुवातीला फेऱ्या मोजूच नका, मिनिटं मोजा. अंतर मोजलं की पाय आपोआप घाई करतात.

डोंबिवली
लोकल गाठायची असेल तर पहाटे ठरवायला काहीच शिल्लक ठेवू नका. कपडे खुर्चीवर, मोजे शूजमध्ये, किल्ली शूजशेजारी, गजर खोलीच्या दुसऱ्या टोकाला. पाचला उठायचं तर दहाला दिवे बंद. अर्ध्या तासासाठी रिकामं पोट चालतं. भूक लागत असेल तर दोन खजूर. कंटाळा आलेल्या दिवशी १० मिनिटं चालून परत यायची मुभा स्वतःला द्या. बाहेर पडल्यावर बहुधा परतावंसं वाटत नाही.

पुणे, वेताळ टेकडी
गोडीबद्दल कोणीच लिहिलं नाही, म्हणून. आठवड्यातला एक दिवस घड्याळ घरी ठेवा आणि मातीवर पळा. उजाडताना मोर ओरडत असतात, खाणीपर्यंतची वाट कशी सरली ते कळत नाही. चढावर पावलं आखूड टाका, उतारावर मागे रेलू नका. टाच आपटते आणि गुडघा बोलायला लागतो. सपाटीवर एकसुरी वाटलं तर पुढच्या झाडापर्यंत जोरात, मग श्वास बसेपर्यंत हळू. स्वीडनमध्ये १९३०च्या दशकात रुजलेला हा 'फार्टलेक' प्रकार आजही कंटाळ्यावर उत्तम.

नाशिक
दादरकरांना जोड : दम लवकर वाढतो, हाडं आणि स्नायुबंध मागे राहतात. म्हणून 'आता जमतंय' वाटतं तेव्हाच नडगी दुखते. आतल्या कडेने लांबवर दुखत असेल तर पळणं निम्म्यावर आणा आणि पायरीवर टाचा उचलण्याचे १५-१५चे तीन संच करा. एकाच जागी बोट दाबल्यावर कळ येत असेल तर पळणं थांबवून डॉक्टरांना दाखवा. शूज ५०० ते ८०० किलोमीटरनंतर बदला. नवे घ्यायला संध्याकाळी जा, तेव्हा पाय थोडे फुगलेले असतात. अंगठ्यापुढे बोटभर जागा हवीच.

रत्नागिरी
पावसाळ्यात खाडा पडतो तो बहुतेक ओल्या शूजमुळे. आतला तळ काढा, वर्तमानपत्राचे बोळे कोंबा, तासाभराने बदला, पंख्याखाली ठेवा. हीटरजवळ नको, गोंद सुटतो. सुती मोजे ओले राहून फोड आणतात. मांड्या घासत असतील तर निघण्याआधी व्हॅसलीन.

सातारा
शर्यतीत नाव नोंदवलं की गजर ऐकू येतो, हे खरं. पण यवतेश्वर घाटातली हाफ मॅरेथॉन, म्हणजे २१ किलोमीटर, पहिल्याच वर्षी नको. आधी ५, मग १०. घाटासाठी रविवारची लांब धाव चढावरच करा, आणि तीही बोलता येईल इतक्याच वेगाने.