प्रतिसाद: हायकोर्टात पुरावे पुन्हा उघडत नाहीत

कामगार न्यायालयाने बडतर्फी रद्द केली तरी कंपनी हायकोर्टात सगळं पुन्हा उकरून काढेल, ही चर्चेत मांडलेली भीती थोडी जास्तच आहे. राज्यघटनेच्या कलम २२६-२२७ खालची याचिका म्हणजे अपील नाही. साक्षीदार खरा की खोटा, यात हायकोर्ट सहसा पडत नाही. खालच्या न्यायालयाने अधिकारकक्षा ओलांडली का, निष्कर्षाला काहीच पुरावा नाही का, कायद्याची ढळढळीत चूक आहे का, एवढंच बघतं. त्यामुळे साक्षीदारांची उलटतपासणी कामगार न्यायालयातच नीट करून घ्या.

प्रकरण जुन्या, १९४७च्या औद्योगिक विवाद कायद्याखालचं (हा कायदा नोव्हेंबर २०२५ मध्ये रद्द झाला) असेल तर त्यातलं कलम १७-ब वाचा. कामावर परत घेण्याच्या निवाड्याला कंपनीने आव्हान दिलं, तर याचिका चालू असेपर्यंत शेवटच्या पगाराइतकी रक्कम मिळते. मात्र दुसरीकडे नोकरी नसल्याचं प्रतिज्ञापत्र लागतं. (वकिलाला आठवण करावी लागते, हा अनुभव!)