पाकिटातला भात, मायक्रोवेव्ह नाही

मंडळी, नमस्कार.

महिनाभर सुट्टीला येळ्ळूरला आलोय. लेकीचं पोट नाजूक, म्हणून बायकोने बॅगेत तयार भाताची दहा पाकिटं कोंबली. बेळगाव बासमतीच्या शिवारात भात घेऊन येणारा मी पहिलाच असेन. "घरात भात न्हाई म्हणून कोण सांगितलं रे तुला?" आईने दारातच विचारलं. येणाऱ्याजाणाऱ्याला ती पाकिटं दाखवून होतात.

पाकिटावर लिहिलंय, कोपरा फाडून मायक्रोवेव्हमध्ये ९० सेकंद. आमच्याकडे मायक्रोवेव्ह नाही आणि पावसामुळे कालपासून वीजही नाही. गॅस आहे, मागे चूल आहे. अख्खं पाकीट उकळत्या पाण्यात सोडणार होतो, तर आईने हात धरला. म्हणते, प्लास्टिक उकळून लेकराला घालतोस होय? कुणाला माहिती असेल तर सांगा.

—

अरे बाबा,

आईचं ऐक. आणि एवढं काय त्यात? तो भात शिजलेलाच आहे, तुला फक्त गरम करायचाय. रात्रीचा भात सकाळी काय करतोस? तेच कर.

आधी पाकीट बंद असतानाच हाताने हलकेच चोळ, म्हणजे गड्डे सुटतील. कढईत भात काढ, दोन चमचे पाण्याचा हबका मार, झाकण घाल. मंद आचेवर दोन-तीन मिनिटं, मध्ये एकदा हलव. लेकीला मऊ हवा असेल तर इडलीपात्रात वाटीत घालून पाच-सहा मिनिटं वाफव. कुकर काढलास तर शिट्टी काढून ठेव. तिचं पोट बिघडलं नसेल तर मोहरी-हिंग-कढीलिंबाची फोडणी दे, मग पाकीट आठवणारही नाही.

वडगावची काकू

—

काकूंना जोड देतो, कारण पाण्यात उकळणं सरसकट चूक नाही. पाकिटं दोन जातीची असतात. आतून ॲल्युमिनियमचा थर असलेलं रिटॉर्ट पाकीट मायक्रोवेव्हमध्ये चालत नाही, पण न फोडता उकळत्या पाण्यात तीन ते पाच मिनिटं ठेवता येतं. सैन्याचं तयार जेवण असंच असतं. आपल्याच कर्नाटकात, मैसूरच्या संरक्षण अन्न संशोधन प्रयोगशाळेने त्यावर बरंच काम केलंय. असं पाकीट भरून बंद केल्यावर साधारण १२१ अंश सेल्सिअसला निर्जंतुक करतात, म्हणून ते फ्रिजशिवाय टिकतं.

तुझं पाकीट मायक्रोवेव्हचं. त्यात धातू नाही, ते ठरावीक वेळेपुरत्या उष्णतेसाठी बनवलेलं असतं. मागे उकळायला सांगितलं असेल तरच उकळ, नाहीतर काकूंची कढई. मागच्या बारीक अक्षरांत गॅसवरची कृतीही बहुधा सापडेल.

पाण्याचा हबका मात्र सोडू नकोस. भात थंड झाला की त्यातला स्टार्च पुन्हा आवळतो, म्हणून दाणा कडक लागतो. उष्णता आणि ओलावा मिळाला की सैल होतो. कोरड्या तव्यावर नुसता करपेल.

आणि वीज नाही म्हणालास म्हणून: फोडलेलं पाकीट अर्धं ठेवू नकोस. भातात बॅसिलस सीरियस नावाचा जंतू वाढतो, आणि त्याने तयार केलेलं विष पुन्हा गरम करूनही जात नाही. फ्रिज बंद असेल तर दोन तासांच्या आत संपव.

(वाळवलेल्या भाताचंही पाकीट मिळतं, त्यात नुसतं उकळतं पाणी ओतून झाकायचं. तुझं ते नाही, पण पुढच्या वेळी बॅग हलकी होईल.)

—

सर्वांचे आभार. पाकीट पाहिलं, मागे कढईचीच कृती आहे. उकळण्याबद्दल एक अक्षर नाही. आई जिंकली.

पहिल्या पाकिटात दोन चमच्यांऐवजी अर्धी वाटी पाणी पडलं. झालं खिमट. लेकीने तूप-मीठ घालून ते चाटूनपुसून खाल्लं, त्यामुळे गुन्हा कबूल करायची वेळ आली नाही. दुसरं नीट जमलं, दाणा मोकळा आणि गरम. तिसरं आईने स्वतःच फोडणीला घातलं, लसूण ठेचून. मग रिकामं पाकीट उलटसुलट करून बघितलं आणि म्हणाली, "एवढंच होय? हे एकाचंच न्हवं?" २५० ग्रॅमचं आहे ते. बाबांचं पहिलं वाढप.