स्कायरिम अनइन्स्टॉल करूनही जुने मॉड शिल्लक राहतात. गेम मुळापासून कसा काढावा?

कृष्णाकाठ (प्रश्न)

स्कायरिम स्पेशल एडिशन हा गेम मी स्टीम या ऑनलाइन गेम-दुकानातून घेतला असून गेली चार वर्षे अधूनमधून खेळतो. या काळात त्यात शंभराहून अधिक मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या, इतर खेळाडूंनी बनवलेल्या फाइल्सचे संच) भरले गेले. सुरुवातीचे मॉड मी झिप फाइल उघडून थेट गेमच्या डेटा फोल्डरमध्ये टाकले होते; नंतरचे व्हॉर्टेक्स या मॉड हाताळणाऱ्या प्रोग्राममधून घातले. गेल्या महिन्यापासून व्हाइटरन शहराच्या दाराशी पोहोचले की गेम कोणताही संदेश न दाखवता बंद पडतो. एवढ्या मॉडमधला नेमका दोषी शोधत बसण्यापेक्षा सगळे पुसून कोऱ्या पाटीवर सुरुवात करावी, असे मी ठरवले.

स्टीममधून गेम अनइन्स्टॉल केला, संगणक बंद करून चालू केला, रात्रभर डाउनलोड लावून ठेवले आणि सकाळी जुना सेव्ह (साठवून ठेवलेला खेळ) उघडला, तर रिव्हरवुडच्या वाटेवरचे दगड तेच होते, मी तीन वर्षांपूर्वी घातलेल्या मॉडमधले. व्हाइटरनच्या दाराशी गेम पुन्हा बंद पडला. स्टीममध्ये फाइल्सची पडताळणी केली, तर सर्व फाइल्स व्यवस्थित असल्याचे उत्तर आले. आणखी एक कोडे म्हणजे, गेम काढल्यानंतर ड्राइव्हवर जेवढी जागा मोकळी व्हायला हवी होती, तेवढी झालीच नव्हती.

गेमचे अवशेष कोठे कोठे राहतात आणि त्यातले काय बिनधास्त पुसता येते? एका दुकानदाराने रजिस्ट्री (विंडोजची सेटिंग्जची नोंदवही) साफ करणारा प्रोग्राम घालण्याचा सल्ला दिला आहे, तो ऐकावा का? विंडोज ११ आहे.

रात्रपाळी

स्टीमजवळ प्रत्येक गेमच्या फाइल्सची यादी असते आणि अनइन्स्टॉल करताना त्या यादीतल्या फाइल्सच पुसल्या जातात. तुम्ही हाताने टाकलेली फाइल यादीत नसल्यामुळे तिला हात लागत नाही. पडताळणीही त्याच यादीवरून होते. यादीतली फाइल गहाळ किंवा बिघडलेली आहे का एवढेच तीत पाहिले जाते, जास्तीची फाइल आहे का हे पाहिले जात नाही. त्यामुळे तुम्हाला मिळालेले उत्तर खरेच होते, फक्त तुमचा प्रश्न वेगळा होता.

आता ते दगड. स्कायरिमचे मूळ पोत (पृष्ठभागांवरची चित्रे), आकृत्या (वस्तूंचे त्रिमितीय आकार) आणि स्क्रिप्ट (घटना चालवणारा कोड) बीएसए नावाच्या मोठ्या गाठोड्यांत बांधलेल्या असतात. त्याच नावाची आणि त्याच मार्गावरची सुटी फाइल डेटा फोल्डरमध्ये सापडली, तर गेम गाठोड्यातली फाइल बाजूला ठेवून सुटी फाइल उचलतो. म्हणून गेम कितीही वेळा नव्याने उतरवला, तरी डेटामधल्या टेक्स्चर्स, मेशेस आणि स्क्रिप्ट्स या फोल्डरांमध्ये जुन्या सुट्या फाइल्स बसून असतील, तर त्याच वर येणार.

जागेचे कोडे व्हॉर्टेक्समुळे पडले असावे. व्हॉर्टेक्स मॉडच्या फाइल्स स्वतःच्या वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवतो आणि डेटा फोल्डरमध्ये त्यांचे हार्डलिंक करतो, म्हणजे डिस्कवर फाइल एकच पण तिला नावे दोन. डेटामधले नाव पुसले तरी दुसरे नाव शिल्लक असल्याने जागा मोकळी होत नाही. त्यामुळे मॉड काढायचे असतील, तर ते व्हॉर्टेक्समधूनच काढले पाहिजेत.

मी तुमच्या जागी असतो, तर या क्रमाने गेलो असतो. सर्वांत आधी डॉक्युमेंट्समधील माय गेम्स, त्यात स्कायरिम स्पेशल एडिशन, त्यात सेव्ह्ज, हा संपूर्ण फोल्डर दुसऱ्या ड्राइव्हवर किंवा पेनड्राइव्हवर कॉपी करून ठेवला असता. मग व्हॉर्टेक्स उघडून पर्ज मॉड्स हे बटण दाबले असते, म्हणजे त्याने डेटामध्ये केलेले सर्व दुवे तोच काढून घेतो. हे काम गेम काढण्याच्या आधी करायचे असते, नाहीतर व्हॉर्टेक्सची नोंद एक सांगते आणि फोल्डर दुसरेच दाखवतो. जे मॉड पुन्हा लागणार नाहीत ते त्यानंतर व्हॉर्टेक्सच्याच यादीतून कायमचे काढावेत. हे झाल्यावर स्टीममधून अनइन्स्टॉल.

यानंतरची पायरी बहुतेक जण गाळतात. स्टीमच्या फोल्डरमधील स्टीमॲप्स आणि त्यातील कॉमन येथे जाऊन स्कायरिम स्पेशल एडिशन हा फोल्डर अजून आहे का ते पाहावे. तुमच्याकडे तो नक्की असणार. यादीतले सगळे स्टीमने नेलेले असल्यामुळे तेथे जे उरले आहे, ते बाहेरून आलेले किंवा गेम चालताना तयार झालेले असते. एरवी हजारो फाइल्समधून मॉडच्या फाइल्स निवडणे हे तांदळातले खडे वेचण्यासारखे काम आहे, ते या क्षणी आयते झालेले असते. माझ्याकडे मागच्या वेळी एसकेएसई या मॉडच्या स्क्रिप्टना जास्तीची ताकद देणाऱ्या साधनाच्या दोन फाइल्स, ईएनबीसीरीज या दृश्ये सुधारणाऱ्या मॉडचा फोल्डर, त्याच्या दोन आयएनआय (सेटिंग्जच्या) फाइल्स आणि डी३डी११.डीएलएल एवढे मुख्य फोल्डरमध्ये, आणि डेटामध्ये सुट्या पोतांचा ढीग उरला होता. तो फोल्डर पूर्ण पुसून टाकावा. मात्र डी३डी११.डीएलएल याच नावाची एक फाइल विंडोजच्या सिस्टम३२ मध्ये असते आणि ती विंडोजची स्वतःची आहे. नावाने शोधून दिसेल तेथे पुसण्याची सवय असेल, तर येथे आवरावी.

राहिल्या दोन जागा. माय गेम्समधल्या याच गेमच्या फोल्डरमध्ये स्कायरिम.आयएनआय, स्कायरिमप्रेफ्स.आयएनआय आणि असल्यास स्कायरिमकस्टम.आयएनआय या फाइल्स असतात. पहिल्या दोन पुसल्या, तर गेमचा लाँचर एकदा चालवल्यावर त्या नव्याने तयार होतात; तिसरी तुम्ही किंवा एखाद्या साधनाने बनवलेली असते, ती परत येत नाही आणि यायची गरजही नाही. दुसरी जागा ॲपडेटामध्ये आहे. हा फोल्डर लपवलेला असतो, म्हणून फाइल एक्स्प्लोररच्या व्ह्यू मेन्यूत शो निवडून हिडन आयटम्स चालू करावे. ॲपडेटामधील लोकल, त्यात पुन्हा गेमच्याच नावाचा फोल्डर आणि त्यात प्लगइन्स.टीएक्सटी. नोटपॅडमध्ये ती उघडली, तर ज्या नावांच्या आधी तारांकन आहे ते प्लगइन (मॉडची गेमने वाचायची मुख्य फाइल) चालू, असा सरळ हिशेब दिसतो. ही फाइल पुसून टाकावी.

कृष्णाकाठ

सविस्तर उत्तराबद्दल आभार. कॉमनमधला फोल्डर खरोखरच होता आणि त्यात पोतांबरोबर मी केव्हाचा विसरून गेलेला पावसाच्या आवाजाचा एक मॉडही सापडला. तो सारा फोल्डर आता गेला आहे. नवा खेळ सुरू केला, तर दगड मूळचे दिसतात. पण जुना सेव्ह उघडून व्हाइटरनला गेलो की गेम अजूनही बंद पडतो. म्हणजे कोठेतरी काहीतरी राहिले आहे का?

जुनी_तबकडी

राहिले आहे, आणि ते तुम्ही स्वतः जपून ठेवलेल्या फोल्डरमध्ये आहे. स्कायरिमच्या सेव्ह फाइलमध्ये तुमचा नायक कोठे उभा आहे आणि त्याच्या झोळीत काय आहे, एवढेच नसते. त्या क्षणी चालू असलेल्या स्क्रिप्टची स्थितीही तीत नोंदलेली असते, आणि त्यात मॉडच्या स्क्रिप्ट आल्याच. मॉड काढला, तरी त्याची नोंद सेव्हमध्ये राहते आणि गेम मालक नसलेली ती नोंद पुढे ओढत राहतो. अशा अनाथ नोंदी शोधून काढणारे रीसेव्हर नावाचे साधन आहे, पण ते मलमपट्टीपुरते समजावे. बहुतेक मॉडलेखक खेळ अर्ध्यावर असताना मॉड काढू नका, असे सांगतात ते याचसाठी. माझे स्पष्ट मत असे आहे की शंभर मॉडच्या संसारातून आलेला सेव्ह मूळ गेममध्ये चालवण्याचा हट्ट सोडावा. सेव्ह जपून ठेवावा, पण नवा नायक घ्यावा.

डॉक्युमेंट्सबद्दल एक इशारा द्यावासा वाटतो, कारण हे मी स्वतः भोगले आहे. अनेक संगणकांवर डॉक्युमेंट्स हा फोल्डर वनड्राइव्ह या मायक्रोसॉफ्टच्या क्लाउड साठवणीशी जोडलेला असतो आणि आपल्या ते ध्यानीही नसते. दोन वर्षांपूर्वी मी घाईत माय गेम्स हा अख्खाच फोल्डर पुसला. एका गेमची घाण काढायची होती आणि बाकीच्या चार गेमचे सेव्ह त्यातच होते. लॅपटॉपवर तरी असतील म्हणून तो उघडला, तर जोडणी चालू असल्यामुळे तेथूनही ते नाहीसे झालेले. सुदैवाने वनड्राइव्हच्या संकेतस्थळावरील रिसायकल बिनमध्ये वैयक्तिक खात्याच्या पुसलेल्या फाइल्स ३० दिवस राहतात, त्यामुळे मी वाचलो. पत्त्याच्या पट्टीत वनड्राइव्ह हा शब्द दिसतो का, हे पाहूनच डिलीट दाबावे, आणि नेहमी गेमच्या नावाचा आतला फोल्डर पुसावा, वरचा नाही.

ज्या गेमना स्टीम क्लाउडची (सेव्ह स्टीमच्या सर्व्हरवर ठेवण्याची) सोय आहे, त्यांच्या बाबतीत याच्या उलटही घडते. येथे पुसलेले सेव्ह गेम पुन्हा उतरवल्यावर क्लाउडवरून परत येतात आणि माणूस बुचकळ्यात पडतो. गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये जनरल या विभागात सेव्ह क्लाउडवर ठेवण्याचे बटण असते, ते आधी बंद करावे.

पाटी_पेन्सिल

रजिस्ट्रीच्या प्रश्नाला अजून कोणी हात घातला नाही, म्हणून लिहितो. स्कायरिमची रजिस्ट्रीत महत्त्वाची अशी एकच नोंद आहे: बेथेस्डा सॉफ्टवर्क्स या नावाखाली गेम कोणत्या फोल्डरमध्ये आहे, तो मार्ग. गेम एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर नेला आणि ही नोंद जुनीच राहिली, तर मॉडची साधने रिकाम्या जागी गेम शोधत बसतात. त्यावर उपाय म्हणजे स्टीममधून लाँचर एकदा चालवणे. नोंद आपोआप सुधारते. यासाठी साफसफाईचा प्रोग्राम विकत घेणे म्हणजे एक खिळा काढायला भिंत पाडणे होय. उरलेल्या नोंदींनी संगणक मंदावत नाही, चुकीची नोंद पुसली गेली तर मात्र तो अडतो.

इंस्टॉल केलेल्या ॲप्सच्या यादीत मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ च्या निरनिराळ्या वर्षांच्या नोंदी दिसतात, त्याही काढू नयेत. त्या एका गेमच्या मालकीच्या नसून अनेक प्रोग्राम त्यांच्यावर चालतात.

दुसरे गेम काढणाऱ्यांसाठी थोडे. युनिटी या गेम बनवण्याच्या साधनावर बनलेले पुष्कळ गेम सेव्ह ॲपडेटामधील लोकललो या फोल्डरमध्ये आणि लहानसहान पसंती रजिस्ट्रीत ठेवतात. व्हॅलोरंट हा गेम काढला तरी त्याचा रायट व्हँगार्ड हा फसवणूक रोखणारा पहारेकरी ॲप्सच्या यादीत स्वतंत्र नोंदीने उरतो, तो वेगळा काढावा लागतो. आणि विंडोज व्हिस्टाच्या आधीच्या काळातले गेम प्रोग्राम फाइल्समध्येच सेव्ह लिहू पाहत असत; विंडोज त्यांना तेथे लिहू न देता त्या फाइल्स गुपचूप ॲपडेटामधील लोकल, त्यात व्हर्च्युअलस्टोअर, येथे वळवते. मला तेथे एका जुन्या गेमचे सेव्ह सापडले होते, जो गेम मी दोन वेळा काढून टाकल्याची माझी खात्री होती.

कृष्णाकाठ

सर्वांचे मनःपूर्वक आभार. व्हॉर्टेक्समधून सगळे मॉड काढल्यावर ड्राइव्हवर ३८ जीबी जागा मोकळी झाली, म्हणजे हार्डलिंकचा तर्क बरोबर होता. माझे डॉक्युमेंट्सही वनड्राइव्हमध्येच निघाले. पुसण्याआधी पाहिले म्हणून निभावले. जुने सेव्ह पेनड्राइव्हवर ठेवून दिले आहेत. नवा नायक आज दुपारी व्हाइटरनच्या दारातून आत गेला आणि गेम चालू राहिला. रजिस्ट्रीचा प्रोग्राम घेतला नाही.