अनुभव धागा: खोटं-खोटं खेळ

मूल साधारण दीड वर्षाचं झालं की रिकाम्या कपातून सुर्रकन चहा पिऊन दाखवतं. तिथून पुढं घर-घर, शाळा-शाळा, डॉक्टर-डॉक्टर सुरू. तुमच्या घरात काय पाहिलंत? स्वतःचं बालपणही चालेल. उपदेश नको, प्रसंग लिहा.

– आमचे चिरंजीव पाच वर्षांचे, एका जागी बसतील तर शपथ. परवा ताईनं त्याला किल्ल्याचा पहारेकरी केलं. पट्टी खांद्याला लावून पठ्ठ्या दारात ताठ उभा! नाकावर माशी बसली. नाक फेंदारलं, पण हात हलवला नाही. मी सांगून जे वर्षभरात झालं नाही ते 'पहारेकरी हलत नसतो' या एका नियमानं झालं. १९४०च्या दशकात मनुइलेन्को या सोव्हिएत संशोधिकेनं हेच तपासलं होतं: नुसतं 'उभा राहा' म्हटल्यापेक्षा पहारेकऱ्याची भूमिका दिली की मुलं जास्त वेळ स्थिर राहतात. सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ वायगॉट्स्कीचंही म्हणणं तेच, खेळात मूल नियम आपणहून पाळतं.

– लेकीनं बाहुलीला इंजेक्शन दिलं. 'रडायचं नाही हं.' मग जरा थांबून, 'बरं, थोडंसं रड.' पुढच्या लसीला स्वतः भोकाड पसरलंच. पण घरी येऊन बाहुलीला आणखी दोन टोचल्या.

– थोडं विरजण घालतो. २०१३मध्ये मानसशास्त्रज्ञ लिलार्ड आणि सहकाऱ्यांनी आधीच्या संशोधनाचा आढावा घेतला. अशा खेळानं सर्जनशीलता वाढतेच असं म्हणायला भक्कम पुरावा त्यांना सापडला नाही. भाषा आणि भावना सांभाळणं याबाबत शक्यता खुली ठेवली. तेव्हा 'मेंदूच्या विकासासाठी' म्हणून महागडे संच घेऊ नका. खोकं द्या.

– मला लहानपणी न दिसणारी मैत्रीण होती. आई तिलाही पांघरूण घालायची, आजी मात्र धास्तावली होती. अमेरिकेत २००४च्या एका अभ्यासात सात वर्षांपर्यंतच्या सुमारे ६५ टक्के मुलांना कधी ना कधी असा सोबती होता. आजीला हे तेव्हा सांगायला हवं होतं कुणीतरी!

– आमच्याकडे खेळापेक्षा वाटाघाटी लांबतात. रॉकेट सोफ्यावर तयार, पण दोघांनाही कॅप्टन व्हायचंय. अर्धा तास खल. शेवटी ठरलं: एक जातानाचा, एक येतानाचा. मध्ये बोलायला गेलो तर उत्तर आलं, 'बाबा, तू सामान आहेस.'