मदत हवी आहे: 'विचारांवर चालणारं' यंत्र एसीत पेटतं, हॉलमध्ये मरतं

नेपथ्यवाला
एकांकिकेतला शास्त्रज्ञ माणसाच्या विचारातून वीज काढतो. दिग्दर्शकाचा हट्ट असा, की कपाळाला पट्टा बांधला की दिवा खरंच लागला पाहिजे. विंगेतून कुणी बटण दाबायचं नाही.

सध्याची जोडणी: कपाळावर टीईसी१-१२७०६ पेल्टिअर (दोन बाजूंच्या तापमानातल्या फरकातून वीज देणारी चकती, ४० × ४० मिमी), त्यावर २० मिमी उंच ॲल्युमिनियम हीटसिंक, पुढे एलटीसी३१०८ चं बोर्ड (अगदी कमी व्होल्टेज वाढवून देणारी चिप, १:१०० ट्रान्सफॉर्मर, आउटपुट ३.३ व्होल्ट), १००० मायक्रोफॅरड कपॅसिटर, लाल एलईडी. एसीत, २२ अंशांना, एलईडी अधूनमधून लुकलुकतो. तालमीच्या हॉलमध्ये ३६ अंशांना काहीच नाही, उलट मल्टिमीटर उणे आकडा दाखवतो. प्रयोग मे महिन्यात, नागपूरला.

हे असं का होतंय? ईईजीचे (मेंदूतल्या विजेची नोंद घेणारे) इलेक्ट्रोड थेट एलटीसी३१०८ ला जोडले तर जमेल का, म्हणजे नुसती उष्णता नाही, 'खरा विचार' वापरल्यासारखं होईल? आणि मागच्या रांगेला दिवा दिसणार कसा?

झाळकाम
इलेक्ट्रोडचं आधी, कारण तो विषय लगेच मिटतो. डोक्याच्या कातडीवर मेंदूचा संकेत १० ते १०० मायक्रोव्होल्ट. जेल लावूनही इलेक्ट्रोडचा अडथळा ५ ते १० किलोओहम. ५० मायक्रोव्होल्ट आणि १० किलोओहम धरले तर जास्तीत जास्त शक्ती ०.०६ पिकोवॉट निघते. तुमच्या एलईडीला २ मिलिअँपिअरवर साधारण ४ मिलिवॉट लागतात. म्हणजे एका एलईडीला सहा हजार चारशे कोटी डोकी. पृथ्वीवर आहेत आठशे कोटींच्या आसपास! शिवाय एलटीसी३१०८ ला सुरू व्हायला २० मिलिव्होल्ट लागतात, तेही काही ओहमच्या स्रोतातून. तेव्हा हा नाद सोडा.

अंशसेल्सिअस
उणे आकडा बरोबरच आहे. कपाळाची कातडी ३४-३५ अंश, हॉल ३६. उष्णता उलटी, हीटसिंककडून कपाळाकडे वाहतेय. एलटीसी३१०८ एकाच दिशेचा व्होल्टेज घेतो. दोन्ही दिशांचा घेणारा एलटीसी३१०९ मिळतो, पण त्याला ३० मिलिव्होल्ट लागतात आणि अंश-दोन अंशांच्या फरकात ते येणार नाहीत. चिप बदलून उपयोग नाही, फरक तयार करा.

मुळात एसीतही तुम्ही काठावर आहात. हे मॉड्यूल दर अंशाला ५० मिलिव्होल्टच्या आसपास देतं. पण हवा आणि कपाळ यांच्यातल्या १२ अंशांपैकी मॉड्यूलच्या वाट्याला जेमतेम पाऊण अंश येतो, बाकीचा हीटसिंक-हवा आणि कातडी-धातू या सांध्यांवर खर्च होतो. उघडे ४० मिलिव्होल्ट, बोर्ड जोडलं की वीस-बावीस.

उपाय दोन, दोन्ही करा. एक: मॉड्यूलं दोन घ्या आणि एकावर एक ठेवा, मध्ये थर्मल पेस्टचा पातळ थर. एकाची लाल वायर दुसऱ्याच्या काळीला. मॉड्यूलचा स्वतःचा उष्णतारोध एकूण साखळीत एवढा कमी आहे, की दुसरं घातल्याने प्रत्येकावरचा फरक फारसा घटत नाही. व्होल्टेज जवळजवळ दुप्पट होतो. शेजारीशेजारी ठेवलीत तर दुसरा हीटसिंक लागेल आणि नटाचं कपाळ संपेल.

दोन: हीटसिंकला ओलं सुती फडकं गुंडाळा. माठाचंच तत्त्व. ४२ अंश आणि २० टक्के आर्द्रतेला ओलं फडकं २४ अंशांच्या आसपास उतरू शकतं. नागपूरचा मे त्यासाठी उत्तम, मुंबईत एवढा फरक मिळणार नाही. फडक्यावर हवा खेळती हवी, तेव्हा त्यावर टोपी किंवा फेटा नको. मॉड्यूलच्या कडा सिलिकॉनने बंद केलेल्या घ्या, नाहीतर पाणी आणि घाम आत शिरून आतल्या जोडण्या गंजतात. कातडीकडे १ मिमी ॲल्युमिनियमची पट्टी, कडा कानशीने गोल केलेल्या.

आणि पट्टा बांधल्याबरोबर दिसणाऱ्या आकड्यावर विश्वास ठेवू नका. हीटसिंक थंड असतो तेव्हा मीटर फुगलेला आकडा दाखवतो. दहा मिनिटांनी जो स्थिरावतो तो खरा.

नेपथ्यवाला
दोन मॉड्यूल आणि ओलं फडकं: हॉलमध्ये, ३७ अंशांना, उघडे ६८ मिलिव्होल्ट, जोडल्यावर २६. एलईडी मिनिटाभराने अर्धा सेकंद लागतो. पण परीक्षक विचारतील, यात विचार कुठे आहे?

खडूफळा
प्रश्न रास्त आहे आणि उत्तर संहितेतच घाला. मेंदू साधारण २० वॉट खातो, माणूस गणित सोडवत असो वा झोपलेला. जोर लावून विचार केल्याने त्यात फारसा फरक पडत नाही. तुमचा पट्टा तर रक्ताने कपाळापर्यंत आणलेली उष्णता घेतो. नाटकाला आयता दुवा हान्स बर्गर: जर्मनीतल्या येना इथल्या या मनोविकारतज्ज्ञाने मानसिक ऊर्जेच्या शोधात आधी मेंदूचं तापमान मोजलं, मग १९२४ मध्ये माणसाचा पहिला ईईजी घेतला, तो १९२९ मध्ये छापला. उष्णता आणि संकेत, दोन्ही एकाच माणसाने धुंडाळले.

झाळकाम
म्हणून कामं वाटून द्या: वीज उष्णतेची, स्विच मेंदूचा. डोळे मिटले की डोक्याच्या मागच्या भागात ८ ते १३ हर्ट्झची अल्फा लहर वाढते. एक इलेक्ट्रोड तिथे (केस बाजूला सारून, पेस्ट लावून), एक कानामागे, तिसरा मानेच्या हाडावर. ॲम्प्लिफायर ईईजीचाच हवा, बायोअँप ईएक्सजी पिलसारखा. एडी८२३२ ची स्वस्त बोर्डं हृदयासाठी आहेत. हा संकेत त्याहून वीस ते शंभर पट लहान. सेकंदाला २५६ नमुने, २ सेकंदांची खिडकी. प्रवेशाआधी डोळे उघडे ठेवून अल्फाची ३० सेकंदांची पातळी नोंदवा, तिच्या दुप्पट झाली की स्विच. नट मान वळवेल, दात आवळेल तेव्हा स्नायूंचा गोंगाट दहापट येतो. त्या क्षणी त्याला निश्चल बसवणं हे दिग्दर्शकाचं काम.

हा संकेत वाचणाऱ्या आर्डुइनोने (छोटं कंप्युटर-बोर्ड) ऑप्टोकपलर चालवा, म्हणजे दोन सर्किटं वेगळी ठेवून प्रकाशाने चालणारा स्विच. त्याचा ट्रान्झिस्टर एलटीसी३१०८ च्या व्हीएलडीओ (चिपचा स्वतःचा छोटा पुरवठा) आणि व्हीआउट२_ईएन (व्हीआउट२ हे आउटपुट चालू करणारा) या पायांमध्ये. एलईडी ६८० ओहममधून व्हीआउट२ वर. हे वेगळं ठेवणं भाग आहे: आर्डुइनो एकटाच दोनशेवर मिलिवॉट खातो, तुमचा पट्टा देतो पन्नासेक मायक्रोवॉट. मेंदूचं नुसतं ऐकायलाच मिळकतीच्या चार हजार पट खर्च.

ईईजीची बाजू फक्त बॅटरीवर. चार्जरला लावलेला लॅपटॉप यूएसबीने जोडलेला असताना इलेक्ट्रोड डोक्याला लावायचे नाहीत. डिमरच्या वायरींपासूनही लांब ठेवा, नाहीतर अल्फाऐवजी विजेच्या लाइनचे ५० हर्ट्झ आणि त्याच्या पटी दिसतील.

दिव्यासाठी कपॅसिटर ४७०० मायक्रोफॅरड करा: अडीच सेकंद प्रकाश, पुन्हा भरायला पाच मिनिटं. रिकाम्यापासून पंधरा-सतरा, म्हणून पट्टा विंगेतच वीस-पंचवीस मिनिटं आधी चढवा. खणातला जुना कपॅसिटर गळका असतो आणि तुमच्याकडे १५ मायक्रोअँपिअरच आहेत. रात्रभर ३.३ व्होल्टवर ठेवा, मग १० किलोओहममधून गळती मोजा. त्यावर २० मिलिव्होल्टपेक्षा जास्त दिसले तर तो बाद. एलईडी पारदर्शक, १५ अंशांच्या झोताचा, नाक थेट प्रेक्षागृहाकडे, रंगमंचावर अंधार.

नेपथ्यवाला
फडकं वाळलं तर? प्रवेश बावीस मिनिटांचा आहे.

अंशसेल्सिअस
कोरड्या हवेत ते शेवटपर्यंत टिकेलच असं नाही. फडक्याचं एक टोक डोक्यामागे बांधलेल्या छोट्या बाटलीत सोडा, वातीसारखं वर चढेल. पण बाटली हीटसिंकपेक्षा पाचेक सेंटिमीटरच खाली हवी, जास्त खाली गेली तर पाणी वेळेत पोहोचत नाही. फडकं धुवून खळ काढलेलं घ्या, कोरं कापड पाणी ओढत नाही.